व्याजाच्या पैशांसाठी धमक्या येतात – कोर्टातून पोलीस संरक्षण मिळतं का?

सड्यावरची

नमस्कार. रत्नागिरी जिल्ह्यात किनाऱ्यावरचं आमचं गाव, नाव लिहीत नाही. मिस्टरांची छोटी यांत्रिक बोट आहे, भावकीतल्या एकाबरोबर भागीत. तीन वर्षांपूर्वी इंजिनाचं काम निघालं तेव्हा बँकेची फाइल पुढे सरकेना, म्हणून तालुक्याच्या एका माणसाकडून ४ लाख घेतले. शेकडा १० रुपये महिना. त्याने सह्या केलेले कोरे चेक ठेवून घेतले आणि घरामागच्या कलमांच्या बागेचं साठेखतही करून घेतलं. मुद्दलापेक्षा जास्त रक्कम आम्ही व्याजातच भरली आहे. जून-जुलैत बंदी, तेव्हा घरात पैसा येत नाही, पण त्याचं व्याज काही थांबत नाही.

गणपतीनंतर हप्ते तटले. तेव्हापासून त्याची माणसं रात्री घरी येतात. मिस्टर समुद्रावर असले की मुद्दाम येतात. शिव्या, "बोट जेट्टीला लागू देणार नाही", "मुलगी कॉलेजला कुठल्या एसटीने जाते ते माहीत आहे", असं सगळं बोलून झालंय. पोलीस ठाण्यात गेलो तर एनसी, म्हणजे नुसती अदखलपात्र नोंद, लिहून हातात कागद दिला.

मिस्टरांचे एक मित्र म्हणतात, हायकोर्टात जा, कोर्ट पोलीस संरक्षण देतं. खरंच देतं का? खर्च किती? आणि मुख्य भीती ही की पैसे तर आम्ही घेतलेले आहेत. कोर्टात गेलो की आमच्यावरच उलटणार नाही ना?

रोखठोक

सहानुभूती आहे, पण एक बाजू कुणीच बोलत नाही म्हणून लिहितो. घेताना "दादा, दादा" करायचं आणि द्यायची वेळ आली की पोलीस. समोरच्यानेही स्वतःचा पैसा घातलाय ना? बँक देत नव्हती तेव्हा तोच उभा राहिला. संरक्षण मागण्यापेक्षा बसून हिशोब मिटवा.

काळा_कोट

ताई, मी वकिली करतो, मुख्यतः दिवाणी, पण फौजदारीही बघावं लागतंच आमच्या तालुक्यात. सविस्तर लिहितो.

आधी शेवटच्या प्रश्नाचं उत्तर. नाही, उलटणार नाही. देणं आणि धमकी हे दोन वेगळे विषय आहेत आणि कोर्ट ते वेगळेच ठेवतं. संरक्षणाच्या अर्जात "आम्ही पैसे घेतलेच नाहीत" असं चुकूनही लिहू नका. घेतले, इतके फेडले, बाकीबद्दल वाद आहे, असं सरळ लिहा. जो कर्जदार घेतलेलं नाकारतो त्याच्या धमकीच्या तक्रारीवरचाही विश्वास उडतो. आणि देणं फेडता आलं नाही म्हणून कुणी तुरुंगात जात नाही. दिवाणी हुकूमनाम्याच्या वसुलीत अटकेची तरतूद आहे, पण ऐपत असून मुद्दाम न देणाऱ्यासाठी. सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये जॉली जॉर्ज वर्गीस प्रकरणात ते स्पष्ट केलं आहे.

रोखठोक, तुमच्यासाठी थोडं गणित. ४ लाखांवर शेकडा १० म्हणजे महिन्याला ४० हजार. वर्षाला १२० टक्के. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ खाली शासनाने ठरवलेले दर असे: शेतकऱ्याला तारण कर्ज ९ टक्के, विनातारण १२ टक्के. इतरांना तारण १५ आणि विनातारण १८ टक्के, वर्षाला. ताईंचं कर्ज बोटीसाठी आहे, तर वरचा १८ चा दर धरला तरी महिन्याला ६ हजार होतात. शिवाय मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करता येत नाही, दामदुपटीचा नियम आपल्याकडे जुनाच आहे. हा दर लावून ताई हिशोब करतील तेव्हा बाकी कुणाची कुणाकडे निघते ते बघाच. आणि हे सगळं परवानाधारक सावकाराचं झालं. परवाना नसेल तर हा धंदाच गुन्हा आहे, कलम ३९, पाच वर्षांपर्यंत कैद. कर्जदाराला वसुलीसाठी त्रास देणं हा त्याच कायद्यात वेगळा गुन्हा आहे.

आता संरक्षण. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट, म्हणजे थेट हायकोर्टात अर्ज, करता येतं, जीविताचा हक्क अनुच्छेद २१ मधला. कोर्ट संरक्षण देतं हे खरं, पण लोकांच्या डोक्यात जे चित्र असतं, म्हणजे दारात बंदूकधारी पोलीस, तसं सहसा होत नाही. बहुतेक आदेश असे असतात: पोलीस अधीक्षकांनी अर्जदाराच्या निवेदनावर विचार करावा, धोक्याचा आढावा घ्यावा, गरज वाटल्यास संरक्षण द्यावं. पहिल्या तारखेला न्यायमूर्ती हमखास विचारतात ते एवढंच, "पोलिसांकडे लेखी काय दिलंत? त्यांनी काय केलं?" तुमच्याकडे आज एक एनसी आहे. तेवढ्यावर रिट उभं राहत नाही. म्हणून खालचे जिने आधी चढा.

एनसी का दिली? नुसती धमकी, म्हणजे भारतीय न्याय संहितेचं कलम ३५१, ठाण्यात सहसा अदखलपात्र म्हणूनच लिहिली जाते, म्हणजे दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करत नाहीत. जुन्या दंड संहितेचं ५०६. पण तुम्ही सांगताय त्यात फक्त धमकी नाही. भीती घालून पैसे उकळणं हे खंडणीचं कलम ३०८. रात्री घरात घुसले असतील तर गृहअतिक्रमण, कलम ३२९. बाईमाणसाला उद्देशून घाणेरडं बोलणं, कलम ७९. वर सावकारी कायदा. हे दखलपात्र आहेत. दखलपात्र गुन्ह्याची खबर दिल्यावर गुन्हा नोंदवणं पोलिसांवर बंधनकारक आहे, सर्वोच्च न्यायालयाचं ललिता कुमारी प्रकरण, २०१३. तक्रार तोंडी सांगू नका. तारीखवार लिहा: कोण आलं, काय शब्द वापरले, शेजारचं कोण होतं. "सतत त्रास देतात" या वाक्याला काडीची किंमत नाही.

ठाण्यात घेतलं नाही तर तीच तक्रार पोलीस अधीक्षकांना, नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा) कलम १७३(४) खाली. तिथेही काही झालं नाही तर प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे शपथपत्रासह अर्ज, कलम १७५(३). जुन्या लोकांना हे १५६(३) म्हणून माहीत आहे. हे आपल्या तालुक्याच्या कोर्टात होतं, घाट चढायला नको.

निवृत्त_अंमलदार

वकीलसाहेबांनी कायदा सांगितला, मी ठाण्यातलं सांगतो. नोकरीची बरीच वर्षं किनाऱ्यावरच्या ठाण्यांत गेली.

बाई, एका ठाण्याखाली तीस-चाळीस गावं, आणि माणसं मोजकी. त्यात बंदोबस्त, शिमगा, गणपती, मंत्र्यांचे दौरे. तुमच्या घरी चोवीस तास माणूस ठेवणं जमत नाही, आणि ठेवला तर त्याचं शुल्कही मागू शकतात. त्यापेक्षा उपयोगी पडतात त्या साध्या गोष्टी. बीट अंमलदाराची रात्रीची गस्त तुमच्या वाडीवरून वळवायला लेखी विनंती करा. माणसं दारात आली की ११२ ला फोन करा, प्रत्येक वेळी. आले आणि गेले तरी करा. त्या फोनची नोंद यंत्रणेत राहते, उद्या "असं काही घडलंच नाही" कुणी म्हणू शकत नाही. अर्ज दिला की दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय ठाण्यातून उठायचं नाही. "साहेब आल्यावर देतो" म्हणाले तर बसून राहा.

आणि चॅप्टर केस मागा. पूर्वीचं कलम १०७, आता नागरिक सुरक्षा संहितेचं १२६. पोलीस प्रस्ताव पाठवतात, तहसीलदार कार्यकारी दंडाधिकारी म्हणून समोरच्याला बोलावून शांतता राखण्याचा बाँड लिहून घेतात, एक वर्षापर्यंत. लोक याला किरकोळ समजतात. पण ही व्याजवाली मंडळी गावात इभ्रतीने वावरत असतात, कुणी उत्सव समितीवर, कुणी निवडणुकीच्या तयारीत. तहसील कचेरीच्या बाकावर सगळ्यांसमोर बसायला लागलं की आवाज खाली येतो. हे मी डोळ्यांनी बघितलंय.

मालवणी_माणूस

ताईनू, असोच प्रकार आमच्या वाडीत झालेलो. एका मच्छीमाराक होडयेसाठी पैसे व्हये होते, बँकेन दिल्यान नाय, म्हणान तो सावकाराकडे गेलो. मग व्याज, व्याजाचा व्याज, आणि शेवटाक घराखालच्या जमिनीचा खरेदीखत करून घेतल्यान!

आता सरळ मराठीत लिहितो, नायतर बाकीच्यांक कळूचा नाय. त्याने पोलिसांकडे नाही, आधी सहायक निबंधकांकडे अर्ज केला. सहकारी संस्थांचं तालुक्याचं ऑफिस असतं तेच सावकारीचंही ऑफिस. त्यांनी पोलीस आणि पंच घेऊन त्या माणसाच्या घराची झडती घेतली. कपाटात काय मिळालं असेल? दुसऱ्याच लोकांच्या सह्यांचे कोरे स्टॅम्प, चेक, दोन सातबारे, आणि एक वही. वहीत अख्ख्या तालुक्याची नावं. त्या दिवसापासून घरी येणारी माणसं बंद झाली, एक पोलीस दारात न ठेवता.

जमिनीचं मात्र लांबलं. जिल्हा उपनिबंधकांसमोर चौकशी, मग सावकाराचं विभागीय सहनिबंधकांकडे अपील. पण खरेदीखत हे सावकारीतून झालंय हे सिद्ध झालं आणि जमीन परत देण्याचा आदेश झाला.

काळा_कोट

मालवणी_माणूस यांनी नेमकं सांगितलं. ते सावकारी कायद्याचं कलम १८. स्थावर मालमत्ता सावकारीच्या व्यवहारात विक्री, गहाण किंवा कसल्याही नावाखाली गेली असेल तर जिल्हा उपनिबंधक चौकशी करून तो व्यवहार अवैध ठरवू शकतात. ताईंच्या साठेखताला हे थेट लागू पडू शकतं.

यात मेख एकच आहे. एकदाच कुणी ओळखीत हातउसने दिले तर ती "सावकारी" होत नाही. तो धंदा करतो हे दिसलं पाहिजे. म्हणून त्याच्याकडून घेतलेले आणखी दोघं-तिघं अर्जावर सही करायला तयार झाले तर प्रकरण एकदम वेगळं होतं. झडतीत वही सापडली तर उत्तमच, पण त्यावर अवलंबून राहू नका.

बागायतदार_देवगड

माझा प्रश्न थोडा वेगळा. आम्ही वाशीच्या दलालाकडून मोहोराच्या वेळेला उचल घेतो, आंबा त्यालाच घालायचा या बोलीवर. गेल्या हंगामात फळ धरलंच नाही, उचल फिटली नाही. तो फोनवर ताणतो, एकदा माणूसही पाठवलान. ही सावकारी का?

काळा_कोट

तुमचं प्रकरण या धाग्यात मिसळू नका, तिथे मालाच्या व्यवहारातली आगाऊ रक्कम आहे, व्याजाचा धंदा नाही असा बचाव तो करेल आणि त्यात दम असू शकतो. पण धमकी ही धमकीच, ती दलालाने दिली म्हणून वेगळी होत नाही. माणूस पाठवून दमदाटी केली असेल तर तक्रार करा. नुसता "पैसे कधी देताय" असा फोन म्हणजे धमकी नव्हे.

हे पतसंस्थेच्या बाबतीतही लक्षात ठेवा. माझ्याकडे असे लोक येतात ज्यांना पतसंस्थेच्या वसुली अधिकाऱ्यापासून "संरक्षण" हवं असतं. सहकार कायद्याच्या कलम १०१ चा वसुलीचा दाखला घेऊन, नोटीस देऊन, कायद्याने जप्तीला येणाऱ्या माणसाविरुद्ध कुठलंही कोर्ट पोलीस देणार नाही. उलट तोच पोलीस बंदोबस्त घेऊन येतो.

रोखठोक

१२० टक्के हे मी लक्षात घेतलं नव्हतं, मान्य. तरी एक शंका. तक्रार केली की तो कोरे चेक बँकेत टाकणार. मग?

काळा_कोट

टाकणारच, आणि तेच त्याचं खरं हत्यार आहे. चेक परत गेला की त्याने बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस द्यायची, नोटीस मिळाल्यावर तुम्हाला १५ दिवस, त्यानंतर महिन्याच्या आत तो कलम १३८ ची, म्हणजे चेक न वटल्याची फौजदारी केस करू शकतो. कोऱ्या चेकवर सही तुमची असेल तर तो देण्यापोटीच दिला असं कोर्ट गृहीत धरून चालतं, ते खोडायची जबाबदारी तुमच्यावर. "स्टॉप पेमेंट" सांगून सुटका होत नाही, त्यानेही १३८ लागतं.

म्हणून ताई, चेक टाकायच्या आधी तुमची तक्रार गेलेली हवी. तक्रारीत चेकचे नंबर लिहा. बँकेच्या चेकबुकच्या स्लिपवरून मिळतात. आधीच नंबरासकट "हे कोरे चेक दबावाखाली ठेवून घेतले आहेत" असं लेखी गेलेलं असलं तर पुढच्या खटल्यात त्या कागदाला वजन येतं. नोटीस आलीच तर पोस्टमनला परत पाठवू नका. घ्या आणि १५ दिवसांत वकिलामार्फत उत्तर द्या. गप्प बसणाऱ्याचं प्रकरण निम्मं तिथेच जातं. त्याने उलट वसुलीचा दिवाणी दावा लावला तर सावकारी कायद्याचं कलम १३ आहे, परवाना नसलेल्या सावकाराला कोर्ट हुकूमनामा देत नाही.

सड्यावरची

सगळ्यांचे आभार. अधीक्षकांच्या कार्यालयात अर्ज दिला, आवक नंबर घेतला. सहायक निबंधकांकडेही दिला. आमच्याच बंदरातले दोन खलाशी आणि एक मासे विकणाऱ्या काकी सही करायला तयार झाल्या. काकींनी तर २० हजार घेतले होते, अजून फिटत नाहीत.

ठाण्यात यावेळी तक्रार लिहून घेतली, महिला अंमलदार होत्या. खंडणीचं कलम लावलंय. पण माणसं काल पुन्हा आली. यावेळी घरी नाही, जेट्टीवर. बोटीचा दोर सोडू देईनात. मग आता हायकोर्ट का?

काळा_कोट

आता प्रकरणात जीव आला. गुन्हा दाखल आहे, त्यानंतरही दमदाटी झाली, म्हणजे आता दोन वाटा खुल्या आहेत, आणि मी पहिली आधी चालेन.

पहिली वाट साक्षीदार संरक्षण योजना. सर्वोच्च न्यायालयाने ५ डिसेंबर २०१८ ला महेंदर चावला प्रकरणात ही मंजूर केली. सात वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांना लागते, आणि ३०८(२) ची शिक्षा सात वर्षांपर्यंत आहे, म्हणून बसते. जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखाली समिती असते, पोलीस प्रमुख आणि सरकारी अभियोग विभागाचे प्रमुख सदस्य. अर्ज अभियोग विभागाच्या प्रमुखांकडे द्यायचा. मग उपविभागीय पोलीस अधिकाऱ्याकडून धोक्याचा अहवाल मागवतात आणि तातडी असेल तर तात्पुरतं संरक्षण लगेच देता येतं. अहवालात धोका कुठल्या वर्गात बसतो यावर उपाय ठरतो: घराभोवती गस्त, कोर्टात ये-जा करताना सोबत, फोन, कॅमेरा. ही जिल्ह्यातच होणारी गोष्ट आहे आणि वकिलांनाही फार सवयीची नाही, म्हणून अर्जासोबत योजनेची प्रत जोडा.

दुसरी वाट रिट. रत्नागिरी आणि सिंधुदुर्गची प्रकरणं १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर सर्किट बेंचकडे गेली आहेत. म्हणजे मुंबईची कोकणकन्या नको, आंबा घाट चढला की झालं. रायगडवाल्यांना मात्र अजून मुंबईच. रिट तुमच्या नावाने करा, मिस्टरांच्या नाही. एक तर दारात उभं राहून शिव्या तुम्ही खाल्ल्या. दुसरं, विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ खाली बाईला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. तुम्ही खर्च विचारला होता, त्याचं उत्तर हेच. तालुका कोर्टात विधी सेवा समितीचं टेबल असतं, किंवा १५१०० ला फोन करा.

प्रार्थना मोजकी ठेवा. "सावकाराला गप्प करा", "कर्ज रद्द करा" असलं काही घालू नका. घराला आणि जेट्टीवर माल उतरवण्याच्या वेळेला संरक्षण, मुलीच्या ये-जा मार्गावर लक्ष, आणि दाखल गुन्ह्याचा तपास वेळेत. इतकंच.

बोटीसाठी अजून एक. दिवाणी न्यायाधीशांकडे बोट आणि बाग यांच्या उपभोगात अडथळा करू नये म्हणून मनाईचा दावा आणि त्यात निशाणी ५ चा, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा अर्ज. मनाई मिळूनही मोडली तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली तेच कोर्ट पोलीस मदत देऊ शकतं. जेट्टीवर अडवणाऱ्यांसाठी हे रिटपेक्षा लवकर हाती येऊ शकतं.

मुरुडकर

मध्येच घुसतो. भावाने मोबाइल ॲपवरून कर्ज घेतलं, आता त्याच्या फोनमधल्या सगळ्या नंबरांना त्याचे बदललेले फोटो पाठवतायत. यालाही हेच का?

निवृत्त_अंमलदार

नाही, तुमचं आधी सायबर. १९३० ला फोन आणि राष्ट्रीय सायबर पोर्टलवर तक्रार, स्क्रीनशॉट पुसू नका. घाबरून अजून पैसे पाठवू नका, ते थांबत नाहीत. ॲपच्या मागे खरी बँक किंवा वित्तीय कंपनी असेल तर तिला लेखी तक्रार, महिन्यात उत्तर नाही आलं तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे. वसुलीचे फोन सकाळी ८ च्या आधी आणि संध्याकाळी ७ नंतर करायचे नाहीत असं रिझर्व्ह बँकेने २०२२ पासून सांगितलेलं आहे. बाकीच्यासाठी वेगळा धागा काढा, इथे ताईंचं चालू दे.

सड्यावरची

मनाईचा दावा लावला, विधी सेवेतून वकीलबाई मिळाल्या. सहायक निबंधकांची झडती झाली. वही मिळाली नाही, पण तिघांचे स्टॅम्प मिळाले, त्यात आमचं नाव नव्हतं. तरी बरं वाटलं.

आता नवीनच. त्याच्याकडून गावकीतले एक काका निरोप घेऊन आले. "तक्रार मागे घ्या, पुढचं व्याज सोडतो, देवळात बसून मिटवू." मिस्टरांना वाटतं मिटवावं. सासूबाई तर म्हणतात देवासमोर बोलला तर शब्द पाळेल. मला धीर होत नाही.

काळा_कोट

मिटवायला माझा विरोध नाही. पण "पुढचं व्याज सोडतो" यात त्याने सोडलं काय? तुम्ही मुद्दलापेक्षा जास्त आधीच भरलंय. मिटवायचं तर उलट क्रमाने: आधी चेक परत, मग साठेखत रद्द, मग बाकीचं बोलणं. साठेखत नोंदणीकृत असेल तर देवळातल्या शब्दाने किंवा साध्या कागदाने रद्द होत नाही, दुय्यम निबंधकांसमोर रद्दलेख करावा लागतो. आणि "तक्रार मागे घ्या" हे काकांना वाटतं तितकं सोपं नाही. खंडणीचा गुन्हा तुम्ही आणि तो आपसात मिटवून संपत नाही, त्यासाठी हायकोर्टात रद्द करायचा अर्ज लागतो, नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ५२८. तसं स्पष्ट सांगून टाका, म्हणजे उद्या "शब्द फिरवलात" असं गावकीत ऐकायला नको. साक्षीदार संरक्षणाचा अर्ज तोवर चालू ठेवा. बोलणी चालू आहेत म्हणून तो मागे घ्यायची गरज नाही.

निवृत्त_अंमलदार

आणि बसायचंच तर देवळात रात्री नाही. दिवसा, ग्रामपंचायतीत, सरपंच आणि पोलीस पाटील समोर. पोलीस पाटलांना आदल्या दिवशी लेखी कळवा. तुम्ही, मिस्टर आणि वकीलबाई. कसल्याही कागदावर त्या दिवशी सही नाही, कागद घरी आणायचा, वकीलबाईंनी वाचल्यावरच सही.

मालवणी_माणूस

आणि काकींक नि त्या दोघा खलाशांक पण बसवा गो. तुमचा एकट्याचा मिटला तर तो त्यांच्याच दारात जातलो.

सड्यावरची

हो, काकींना आजच विचारलं. त्या म्हणाल्या, मी येते, पण मासळी विकून झाल्यावर, अकरानंतर. तसं सरपंचांना कळवलंय.